एलिस आयलंडचं संग्रहालय: पोरांना घेऊन जाताना

न्यूयॉर्क-न्यूजर्सीकडे कुणाचे आईबाबा भारतातून आले की स्टॅच्यू ऑफ लिबर्टीची वारी ठरलेली. एलिस आयलंड, म्हणजे जहाजाने अमेरिकेत येणाऱ्या स्थलांतरितांची जिथे तपासणी होई ते शेजारचं बेट, त्याच तिकिटात येतं आणि म्हणूनच बहुतेकदा उरकलं जातं. पुतळ्याखाली फोटो काढून दमलेली मंडळी दुपारी तिथे उतरतात, मोठ्या हॉलमध्ये एक चक्कर मारतात, कॅफेटेरियात फ्राइज खातात आणि परतीची बोट धरतात. वास्तविक बरोबर आठ ते पंधरा वर्षांची मुलं असतील तर क्रम उलटा हवा. पुतळा लांबूनही दिसतो.

मुलांसाठी म्हणण्याचं कारण असं. १८९२ ते १९५४ या काळात इथून सुमारे १ कोटी २० लाख माणसं अमेरिकेत शिरली. त्यांच्या आठवणी टेप करायला सुरुवात झाली ती मात्र १९७३ साली. १९०७ मध्ये तिशीत आलेला बाप तोवर बहुधा उरलेला नव्हता. उरली होती त्याचा हात धरून आलेली पोरं, आणि तीही आता म्हातारी झालेली. त्यामुळे दालनांत जे आवाज कानावर पडतात ते म्हाताऱ्यांचे असले तरी आठवणी लहान मुलांच्या आहेत. फलकांवरचा मजकूर मात्र मोठ्या माणसाच्या, कायद्याच्या आणि आकड्यांच्या भाषेत लिहिलेला आहे. ऐकायला भरपूर वेळ द्या आणि वाचायला कमी, म्हणजे हे संग्रहालय चांगलं कळतं.

आधी तिकिटाचं. संग्रहालयाला प्रवेशशुल्क नाही, पैसे बोटीचे. प्रवासी नेण्याची परवानगी स्टॅच्यू सिटी क्रूझेस या एकाच कंपनीला आहे. मोठ्यांना साधारण २५ डॉलर, ४ ते १२ वयाला कमी, चारच्या खाली फुकट. दोन्ही बेटं आणि ऑडिओ गाइड त्यातच आलं. मॅनहॅटनच्या बॅटरी पार्कमध्ये रस्त्यावर जॅकेट घालून उभे असलेले लोक ‘लिबर्टीचं तिकीट’ म्हणून जे विकतात, ते पुष्कळदा नुसतं पुतळ्याजवळून फिरवून आणणाऱ्या बोटीचं असतं. ती बोट बेटाला लागतच नाही. त्याच पार्कातल्या कॅसल क्लिंटन या जुन्या किल्ल्यातल्या खिडकीवरून किंवा कंपनीच्या संकेतस्थळावरूनच तिकीट घ्या.

बोट दोन ठिकाणांहून सुटते, आणि कुठून निघता यावर दिवस कसा जाणार ते ठरतं. बॅटरीहून निघालेली बोट आधी पुतळ्याला जाते, मग एलिसला. जर्सी सिटीतल्या लिबर्टी स्टेट पार्कची बोट आधी एलिसला लागते. एडिसन, जर्सी सिटीकडच्या मराठी घरांना तर हाच धक्का सोयीचा. लाइट रेलचं स्टेशन तिथून बरंच लांब आहे, तेव्हा म्हातारी माणसं किंवा बाबागाडी असेल तर गाडीच न्यावी. धक्क्याशेजारची घड्याळाच्या मनोऱ्याची जुनी इमारत म्हणजे सेंट्रल रेलरोड ऑफ न्यूजर्सीचं टर्मिनल. एलिसवरून सुटलेले असंख्य लोक बार्जमधून इथे येऊन पुढच्या गावांच्या गाड्या धरत. म्हणजे तुम्ही त्यांच्या वाटेने उलटे जाता. पहिली किंवा दुसरी बोट पकडा. विमानतळासारखी तपासणी असते आणि अकरानंतर रांग लांबते. मोठ्या बॅगा नेऊ देत नाहीत.

आत शिरलात की पहिली बॅगेज रूम. ऑडिओ गाइड घेताना मुलांसाठीची वेगळी आवृत्ती मागून घ्या, आपणहून देतीलच असं नाही. माहिती खिडकीवर ज्युनियर रेंजरची पुस्तिकाही फुकट मिळते. ती भरून दाखवली की बिल्ला मिळतो, आणि नऊ वर्षांच्या मुलाला त्या बिल्ल्यासाठी तीन मजले चढवता येतात.

इथून वर जाणारा जिना नीट पाहा. मूळचा नाही, जीर्णोद्धारात नव्याने बांधलेला आहे, पण काम समजावायला पुरतो. सामान घेऊन चढणारी माणसं धापा टाकतात का, लंगडतात का, हे डॉक्टर वरून पाहत असत. ही ‘सहा सेकंदांची तपासणी’. दोन वर्षांवरच्या मुलाला कडेवरून उतरवून स्वतः चालायला लावत, पायात दोष आहे का ते कळावं म्हणून. शंका आली की कोटावर खडूने अक्षर: एल म्हणजे लंगडेपणा, एच म्हणजे हृदय, ई म्हणजे डोळे, एससी म्हणजे डोक्याची त्वचा, एक्स म्हणजे बुद्धीबद्दल शंका. मुलांच्या डोक्यात बघायचे ते खवड्यासाठी. डोळ्यांत खुपऱ्या आहेत का हे पाहायला पापणी उलटी करत, बोटांनी किंवा बुटाची बटणं लावायच्या आकड्याने. मुलाखतींत ही एक गोष्ट पुनःपुन्हा येते. खुपऱ्या निघाल्या की परत पाठवणी, हे सगळ्यांना ठाऊक होतं. रोगी प्रवासी आणला तर जहाज कंपनीला १०० डॉलर दंड आणि परतीचा खर्चही तिच्याच माथी, म्हणून युरोपातल्या बंदरावरच एक चाळणी लागलेली असे. इथून परत गेलेले शेकडा दोनच. पण घरातलं एक लहान मूल परत पाठवायचं ठरलं, की आई किंवा बाप यांपैकी कुणीतरी त्याच्याबरोबर जायचं. बाकीचं कुटुंब इथे राहायचं. शेकडा दोनमध्ये ही फाटाफूट दिसत नाही.

दुसऱ्या मजल्यावरचा रजिस्ट्री रूम हा सगळ्यांच्या फोटोंतला हॉल. छत गुआस्ताविनो पद्धतीच्या, म्हणजे कमानीत एकमेकींना चिकटवलेल्या टाइल्सचं, १९१८ मध्ये केलेलं. सुंदर आहे, पण दहा मिनिटं पुरे. खरा माल कडेच्या खोल्यांत आहे. तपासणीच्या दालनात बेटावरचे एक डॉक्टर, हॉवर्ड नॉक्स, यांनी वापरलेल्या लाकडी कोड्यांची माहिती मिळते: ठोकळे ठरावीक क्रमाने वाजवायचे, चेहऱ्याचे तुकडे जुळवायचे. भाषा येत नसलेल्याची बुद्धी मोजायची ही खटपट. आपली मुलं ते कोडं लगेच सोडवतात आणि ‘एवढंच?’ म्हणतात. आठवडा-दोन आठवडे बोटीच्या तळाशी काढलेल्या, कधी पेन्सिल हातात न धरलेल्या मुलाला ते कसं गेलं असेल, हा प्रश्न आपण विचारायचा. फलक तो पुरेसा विचारत नाही.

हॉलच्या टोकाशी ‘वियोगाचा जिना’ आहे. पायऱ्या तीन भागांत विभागलेल्या: एक बाजू रेल्वे तिकिटांकडे, दुसरी मॅनहॅटनच्या बोटीकडे, आणि मधली अडकवून ठेवलेल्यांच्या खोल्यांकडे. मधल्या वाटेने कोण गेलं हे पाहायला हवं, कारण तिथे बायका-मुलं फार. एकट्या आलेल्या बाईला किंवा मुलाला नुसतं सोडत नसत. नातेवाईक न्यायला येईपर्यंत, निदान तार किंवा पैसे येईपर्यंत, थांबवून ठेवत. १९०७ च्या कायद्याने सोळाच्या आतलं, आईबाप बरोबर नसलेलं मूल मुळात प्रवेशालाच अपात्र ठरलं. त्याला घ्यायचं की नाही हे अधिकाऱ्यांच्या मर्जीवर. अशी प्रकरणं तीन तपासनिसांच्या विशेष चौकशी मंडळापुढे जात. ती खोली जशीच्या तशी उभी केली आहे. तिथल्या बाकावर मुलाला बसवून पाहा, पाय जमिनीला टेकत नाहीत.

तिसऱ्या मजल्यावर लोक पोचत नाहीत, आणि सगळ्यांत चांगलं तिथेच आहे. तीन-तीन मजली जाळीच्या खाटांची झोपायची खोली, आणि ‘घरून आणलेली ठेव’ अशा अर्थाचं दालन: गोधड्या, प्रार्थनेची पुस्तकं, लग्नाचे कपडे, बाहुल्या, एका स्विस मुलीचं टेडी बेअर. एवढ्या लांबच्या प्रवासाला निघताना ट्रंकेत काय घ्यायचं, हे मराठी माणसाला समजावून सांगावं लागत नाही. आपण प्रेशर कुकर आणि गोडा मसाला आणला, त्यांनी पिसांची उशी आणली.

अ‍ॅनी मूरचा पुतळा मुलांना दाखवाच, पण गोष्ट नीट सांगा. १ जानेवारी १८९२ ला केंद्र उघडलं तेव्हा पहिली नोंद तिची झाली. आयर्लंडच्या कॉर्क परगण्यातली, ‘नेवाडा’ जहाजाने आलेली, बरोबर अँथनी आणि फिलिप हे धाकटे भाऊ. आईबाप आधीच न्यूयॉर्कला येऊन राहिलेले. तिला १० डॉलरचं सोन्याचं नाणं मिळालं. त्या दिवशी तिचा पंधरावा वाढदिवस होता असं छापून आलं, पण ती सतरा वर्षांची होती. पुढे कित्येक वर्षं सगळे सांगत राहिले की ती टेक्सासला गेली. २००६ मध्ये वंशावळ शोधणाऱ्यांनी दाखवलं की टेक्सासची अ‍ॅनी मूर भलतीच, ती इलिनॉयमध्ये जन्मलेली. खरी अ‍ॅनी मॅनहॅटनच्या लोअर ईस्ट साइडमध्येच राहिली, १९२४ मध्ये वारली, आणि क्वीन्समध्ये तिच्या थडग्यावर २००८ पर्यंत दगडही नव्हता.

दुसरी दुरुस्ती आडनावांची. ‘आमचं आडनाव एलिस आयलंडवर बदललं’ हे अमेरिकन घराघरांत ऐकू येतं. तपासनीस नावं लिहून घेतच नसत. जहाजावरची प्रवासी यादी समोर ठेवून त्यावर खुणा करत, आणि ती यादी निघतानाच्या बंदरावरच भरलेली असे. मुलांच्या अंगावर लावलेल्या चिठ्ठीत यादीचं पान आणि ओळ असे. नावं बदलली ती नंतर, शाळेत आणि कारखान्यात, बहुतेकदा स्वतःच.

तळमजल्यावर नोंदी शोधायची संगणकं आहेत. तिथे वेळ घालवू नका, तोच शोध घरी बसून फुकट करता येतो. शेजाऱ्यांचे पूर्वज शोधायचे असोत की मुलाचा शाळेचा प्रकल्प असो, एवढं लक्षात ठेवा. नाव मूळ देशातल्या स्पेलिंगने शोधा, ‘इव्हान’ हवा असताना ‘जॉन’ टाकून सापडत नाही. यादीत नावाच्या डावीकडे एक्स दिसला तर व्यक्तीला थांबवलं होतं. एस आय असेल तर विशेष चौकशी. मग त्या जहाजाच्या यादीची शेवटची पानं उघडा. तिथे अडकवलेल्यांची वेगळी नोंद असते: कारण काय, कोण न्यायला आलं, कधी सुटका झाली, आणि किती वेळा जेवण दिलं. ‘बापाकडे’ एवढंच कारण आणि पुढे जेवणांचे आकडे, यावरून एक पोर किती दिवस वाट पाहत होतं ते मोजता येतं. संग्रहालयातल्या कुठल्याही फलकापेक्षा हे पान जास्त बोलतं आणि ते भिंतीवर मोठं करून का लावलेलं नाही, कळत नाही. १८९७ च्या आगीत लाकडी इमारतीबरोबर जुनी कागदपत्रंही जळाली, तेव्हा त्याआधीच्या काळात सगळं सापडेलच असं धरू नका.

आपली माणसं या याद्यांत फारशी नाहीत. १९१७ च्या कायद्याने हिंदुस्थान बंदी असलेल्या पट्ट्यात टाकला आणि दार खऱ्या अर्थाने उघडलं ते १९६५ च्या कायद्याने, तेव्हा हे केंद्र बंद होऊन अकरा वर्षं झाली होती. त्यानंतरच्या स्थलांतराची दालनं तळमजल्यावर २०१५ मध्ये उघडली. चकचकीत आहेत, पडदे भरपूर आहेत, पण उथळ. विमानतळावर उतरून थेट चौथीच्या वर्गात बसलेल्या मुलाचं काय होतं, आईवडिलांसाठी बँकेत आणि दवाखान्यात दुभाषा होणं म्हणजे काय, यावर जवळजवळ काही नाही.

दक्षिणेकडचं रुग्णालय हा वेगळा, जादा पैशांचा भाग. डोक्यावर हेल्मेट घालून दीड तास वाटाड्याबरोबर फिरायचं. लहान मुलांना घेत नाहीत, वयाची अट तिकीट काढतानाच पाहा. बेटावर सुमारे ३,५०० माणसं दगावली, ३५० च्या वर बाळं जन्मली. गोवर झालेलं मूल संसर्गाच्या वॉर्डात आणि आईबाप पाण्यापलीकडे, अशी व्यवस्था होती. इमारती पडझड झालेल्या स्थितीतच राखल्या आहेत आणि २०१४ मध्ये जेआर या फ्रेंच कलावंताने भिंती-खिडक्यांवर चिकटवलेली मोठी छायाचित्रं तिथे भेटतात. टीनएजर मुलं असतील तर पैसे वसूल.

एकूण पाचपैकी चार. एक तारा कापला तो कथा धक्क्यावरच संपवल्याबद्दल. बोटीतून उतरल्यावरची शाळा, घर, काम हवं असेल तर दुसऱ्या दिवशी लोअर ईस्ट साइडला ऑर्चर्ड स्ट्रीटवरच्या टेनेमेंट म्युझियममध्ये जा. ९७ क्रमांकाची ती चाळ १८६३ ची. वाटाड्याशिवाय आत सोडत नाहीत, तेव्हा वेळ आधी ठरवून ठेवा. १०३ क्रमांकातल्या फेरीत युद्धानंतर आलेली ज्यू निर्वासित, पोर्तोरिकन आणि चिनी कुटुंबं भेटतात. चिनी कुटुंबाच्या गोष्टीतल्या शिवणयंत्रापाशी मुलांना पाच मिनिटं जास्त थांबू द्या. आणि एलिसवर डबा न्या, कॅफेटेरिया महाग आहे. बाहेरच्या बाकांवर समोर मॅनहॅटन दिसतं. शेवटच्या बोटीची वेळ ऋतूप्रमाणे बदलते, उतरल्या उतरल्या धक्क्यावरचा फलक वाचून घ्या.