ग्रंथालयाचे अंदाजपत्रक : छापील पुस्तके, ई-साधने आणि अभ्यासिका

मुंबईतील अनेक अनुदानित महाविद्यालयांत ग्रंथालय समितीची वर्षातली पहिली बैठक एकाच प्रश्नावर अडते. विभागप्रमुखांनी पुस्तकांच्या याद्या दिलेल्या असतात, कोणाला ई-साधनांसाठी, म्हणजे संगणकावर वाचायच्या नियतकालिकांसाठी आणि पुस्तकांसाठी, वाढीव तरतूद हवी असते, आणि विद्यार्थी प्रतिनिधी, त्याला बोलू दिलेच तर, बाकांविषयी आणि ग्रंथालयाच्या वेळेविषयी बोलतो. पैसे मात्र तिघांना पुरतील इतके कधीच नसतात. हा आढावा त्या बैठकीत निर्णय घेणाऱ्यांसाठी आहे. माझे मत आधीच सांगून टाकतो : मुंबईपुरते तरी त्या विद्यार्थ्याचे म्हणणे सर्वांत आधी ऐकावे.

प्रथम ई-साधने, कारण गेल्या पंधरा-वीस वर्षांत सर्वाधिक बदल तिथेच झाला आहे. विद्यापीठांच्या आणि महाविद्यालयांच्या ग्रंथालयांना जोडणाऱ्या गांधीनगरच्या इन्फ्लिबनेट केंद्राच्या एन-लिस्ट योजनेतून पात्र महाविद्यालयांना काही हजार रुपयांच्या वार्षिक वर्गणीत हजारो नियतकालिके आणि लाखाहून अधिक ई-पुस्तके मिळत आली आहेत. त्याच केंद्राच्या शोधगंगा या संकेतस्थळावर देशभरातील विद्यापीठांचे प्रबंध विनामूल्य वाचता येतात. जानेवारी 2025 पासून 'वन नेशन वन सबस्क्रिप्शन' योजना सुरू झाली असून तिच्यासाठी केंद्र सरकारने तीन वर्षांकरिता 6,000 कोटी रुपये मंजूर केले आहेत आणि 30 प्रकाशकांची सुमारे 13,000 नियतकालिके तिच्या कक्षेत आहेत. मात्र ही तरतूद सरकारी व्यवस्थापनाखालील उच्च शिक्षण संस्था आणि केंद्राच्या संशोधन संस्था यांच्यासाठी आहे. त्यामुळे खाजगी शिक्षणसंस्थेच्या महाविद्यालयाने आपण त्यात आहोतच असे गृहीत धरून जुनी वर्गणी बंद करण्याची घाई करू नये.

याचा अर्थ असा, की ई-साधनांचा मोठा भार इतरत्र उचलला जातो आणि महाविद्यालयाला स्वतःच्या खिशातून थोडेच घालावे लागते. तरीही विक्रेत्याचा प्रतिनिधी एखादे 'पॅकेज' घेऊन येतो, त्यातली चाळीसपैकी चार नियतकालिके आपल्या कामाची असतात, आणि आकडा मोठा दिसतो म्हणून ते मंजूर होते. येथे मुंबईकराला समजेल असा एक फरक ध्यानात ठेवावा : पुस्तक ओनरशिपचे असते, ई-नियतकालिक बहुधा लिव्ह अँड लायसन्सवर, म्हणजे मुदतीच्या भाडेकरारावर. वर्गणी थांबली की दार बंद, आणि मागचे अंकही पुष्कळदा हातचे जातात.

दुसरी अडचण वापराची. एका महाविद्यालयात मी पाहिले, तेव्हा लॉगिन शेकडो विद्यार्थ्यांना दिलेले होते, पण महिनाभरात त्याचा उपयोग करणाऱ्यांची यादी अर्ध्या पानात मावली. पासवर्डचे मेल स्पॅममध्ये पडून होते आणि ते कोणी उघडून दाखवले नव्हते. ग्रंथपालांनी प्रत्येक वर्गात अर्धा तास जाऊन शोध कसा घ्यायचा हे शिकवले, तेव्हा कुठे हालचाल दिसली. चार वर्षांच्या पदवीत संशोधनासह ऑनर्स करणाऱ्यांना हे शिकवणे आता भागच आहे, तेव्हा ई-साधनांचा खर्च मांडताना ग्रंथपालांच्या वेळेचा हिशेबही त्यातच धरावा.

छापील पुस्तकांची बाजू याहून वेगळी आहे. मराठीतून लिहिणाऱ्या कला शाखेच्या विद्यार्थ्याला या इंग्रजी नियतकालिकांच्या ढिगाचा उपयोग फारच थोडा. मराठी विश्वकोश संकेतस्थळावर विनामूल्य आहे, हा मोठा आधार. परंतु इतिहासाचे, अर्थशास्त्राचे किंवा समीक्षेचे चांगले मराठी पुस्तक आजही बहुधा कागदावरच सापडते. म्हणून नेमलेल्या आणि मराठी संदर्भपुस्तकांच्या प्रती वाढवाव्यात. दुर्मीळ ग्रंथांचा हव्यास मात्र या शहरातल्या महाविद्यालयाने धरू नये. 1804 पासूनची परंपरा असलेली एशियाटिक सोसायटी, 1898 मध्ये स्थापन झालेले मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय आणि विद्यापीठाचे कालिना येथील जवाहरलाल नेहरू ग्रंथालय ही सारी लोकलच्या प्रवासाच्या टप्प्यात आहेत. विद्यार्थ्याच्या हाती तिथे दाखवायचे शिफारसपत्र देणे हे पुस्तक विकत घेण्यापेक्षा स्वस्त आणि अनेकदा अधिक उपयोगी पडते.

शिवाय संग्रह सांभाळायलाही पैसा लागतो. पावसाळ्यात तळमजल्यावरच्या रॅकना ओल धरते, बांधणी फुगते, आणि वाळवी पाठीमागच्या भिंतीतून येते म्हणून ती लवकर दिसतही नाही. निर्लेखन, म्हणजे निरुपयोगी पुस्तके नोंदीतून काढून टाकणे, करायला सगळे घाबरतात, कारण दाखल नोंदवहीतील क्रमांकाचा जाब लेखापरीक्षक विचारतो. परिणामी आयकराच्या जुन्या दरांची पुस्तके वर्षानुवर्षे जागा अडवून बसतात आणि एखादा भोळा विद्यार्थी त्यांतूनच उदाहरणे सोडवतो.

ही जागाच मुंबईत सर्वांत महाग आहे. दहा बाय दहाच्या खोलीत पाच माणसे, एक दूरदर्शन संच आणि शेजारची भांडणे यांच्यात राहणाऱ्या मुलीला ई-पुस्तक मोबाइलवर दिसते, पण वाचायचे कुठे हा तिचा प्रश्न तसाच राहतो. सकाळी सातचे व्याख्यान आणि अकराचे प्रात्यक्षिक यांच्या मधल्या वेळेत विरारच्या किंवा कल्याणच्या मुलाने घरी जाऊन परत येणे अशक्य. एका वाचनकक्षात खांबाजवळ एकच चालू सॉकेट होते. समोर आठ खुर्च्या रिकाम्या असताना चार मुले त्या खांबाला टेकून जमिनीवर बसलेली असत, चार्जरवर फोन आणि मांडीवर वही. तिथे पुस्तकांची एक रॅक हलवून भिंतीलगत लांब टेबल आणि सॉकेटची पट्टी लावणे हा किरकोळ खर्च होता, तरी तो दोन वर्षे मंजूर झाला नाही, कारण 'ग्रंथालय म्हणजे पुस्तके' या शीर्षाखाली तो बसत नव्हता. गटाने प्रकल्प करणाऱ्यांसाठी काचेचा छोटा कक्ष वेगळा काढला, तर शांतता पाळणाऱ्यांशी होणारी रोजची कुरबुरही थांबते.

निवड महाविद्यालयाच्या प्रकृतीनुसार बदलेल. विज्ञान शाखेत पीएच.डी.चे संशोधन केंद्र असेल, तर ई-साधनांवर हात आखडू नये. मराठी माध्यमातील कला शाखा मोठी असेल, तर छापील प्रतींना अग्रक्रम द्यावा. इतरांनी एन-लिस्टसारखी स्वस्त वर्गणी चालू ठेवून उरलेल्या रकमेतून वेळ वाढवावी : संध्याकाळचे दोन तास म्हणजे एका परिचराचे जादा मानधन आणि विजेचे थोडे वाढीव बिल, एवढाच हिशेब आहे. शंका वाटत असेल, तर बैठकीपूर्वी ई-साधनांच्या वापराचा अहवाल, पाच वर्षांत एकदाही देवघेव न झालेल्या पुस्तकांची यादी आणि वाचनकक्षाची तासवार उपस्थिती मागवावी, आणि बंद होण्याच्या वेळी किती जणांना उठवावे लागते हे परिचरालाच विचारावे.