एक रुपया न लावता कमवा म्हणाले, आणि ऐन कापसाच्या सीझनमध्ये खातं होल्डवर गेलं

पैसे लावून खेळायचा नाद मला कधीच नव्हता. दिवाळीत गावात एक्का-बादशा बसतो, तिकडे मी फिरकत नाही. वरली-मटक्याची चिठ्ठी आयुष्यात फाडली नाही. आणि नेमका म्हणूनच मी मोबाइल गेमच्या नावानं लुटणाऱ्या टोळीला सापडलो, असं आता वाटतं. जुगाऱ्याला फसवायचे गेम वेगळे असतात. हा गेम जुगारापासून लांब राहणाऱ्यासाठी बनवलेला होता. खिशातून काही जातच नसेल तर धोका कसला, असं समजणाऱ्यासाठी.

गोष्ट 2025 च्या सप्टेंबरातली. आम्ही घाटंजी तालुक्यातले, यवतमाळ जिल्हा. पाऊस उघडायचं नाव घेत नव्हता. फवारणीलाही उघाड मिळेना, पऱ्हाटीच्या, म्हणजे कापसाच्या झाडांच्या, बुडाशी पाणी साचलेलं, दिवसभर घरात बसून माणूस करणार काय? अशात साडभावाचा पोरगा घरी आला. बी.ए. झालेला, पोलीस भरतीची तयारी करणारा. मोबाइल माझ्यापुढे धरून म्हणाला, “मावसाजी, एक रुपया टाकाचा नाही. फक्त खेळाचं, अन पैसे खात्यात. मले आले ना!”

त्याच्या खात्यात खरंच तीनशे रुपये आलेले होते. त्याच्या वाट्याचं कमिशनही माझ्या नावावर ठरलेलं होतं, ते मला मागून कळलं. नवीन माणूस जोडला की त्याला कॉइन मिळायचे. पोरगा लबाड नाही. त्याच्याच चार हजारांचं पुढं वाटोळं झालं.

या लोकांची हुशारी पाहा. पोळ्याच्या सुमारास संसदेनं ऑनलाइन गेमिंगचा कायदा केला होता. पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमवर बंदी. असे गेम चालवणाऱ्याला 3 वर्षांपर्यंत कैद आणि 1 कोटीपर्यंत दंड, जाहिरात करणाऱ्यालाही कैद आणि दंड. टीव्हीवर रात्रंदिवस दिसणाऱ्या मोठमोठ्या कंपन्यांनी पैशांचे खेळ बंद केले. या टोळीनं तोच कायदा जाहिरातीसारखा वापरला. त्यांच्या टेलिग्राम ग्रुपवर वर चिकटवलेला मेसेज होता: सरकारनं पैसे लावायला बंदी केली आहे, आमच्या गेममध्ये पैसे लावायचेच नाहीत, म्हणून हा गेम शंभर टक्के कायदेशीर. वाचणाऱ्याला पटतं. मलाही पटलं.

गेम अगदीच पोरखेळ. रंगीबेरंगी कंचे वरून खाली येतात, एका रंगाचे तीन जुळवले की फुटतात. फुटले की ‘टिंग’ वाजून वरच्या कोपऱ्यात कॉइन पडतात. शंभर कॉइनचा एक रुपया. दर लेव्हलनंतर एक जाहिरात पाहायची. दोन-तीन दिवसांत दीडशे रुपये झाले, काढायला टाकले, तर संध्याकाळपर्यंत खात्यात जमा. पुढच्या खेपेला दोनशे. बायको आधी म्हणाली होती, “फुकटात कोन देते बाप्पा पैसे?” दोनशे आल्यावर तिनंच त्यातून रिचार्ज मारायला लावला.

तेव्हा एक गोष्ट डोळ्यांसमोर होती, पण तिचा अर्थ लागला नाही. जमा झाल्याचा जो मेसेज आला त्यात गेमच्या कंपनीचं नाव नव्हतं. दीडशे रुपये एका बाईच्या नावावरून आले होते, दोनशे कुण्या माणसाच्या. दोघंही अनोळखी. कंपनी पैसे देते तेव्हा कंपनीच्या खात्यातून देते. दर वेळी नव्या माणसाच्या नावानं पैसे येत असतील तर ते कुठून येतात, ते पुढं सांगतो. माझं सगळ्यात मोठं नुकसान त्यातल्या दोनशे रुपयांनीच केलं.

थोडं विषयांतर. गेम खेळून पैसे मिळतच नाहीत असं नाही. काही अ‍ॅप जाहिरात पाहिल्याचे पैसे खरंच देतात. पण एका माणसानं एक जाहिरात पाहिली तर जाहिरातदार रुपयांत नाही, पैशांत मोजावी एवढीच रक्कम देतो, त्यातून अ‍ॅपवाला आपला हिस्सा काढतो, आणि उरलं ते आपलं. महिनाभर बोटं झिजवून एखादा रिचार्ज निघाला तर निघाला. खेळाच्या स्पर्धांत बक्षिसं जिंकणारी पोरं आहेत, खेळतानाचे व्हिडिओ टाकून कमावणारीही आहेत, त्यांचा दिवसच त्यात जातो. कंचे फोडणाऱ्याला आठवड्यात हजारो रुपये द्यायला कोणाकडं पैसा पडून नाही. हे गणित पाचवीतल्या पोरालाही जमेल, फक्त ‘टिंग’ वाजत असताना ते सुचत नाही.

तर, दोनशेनंतर काढायची मर्यादा वाढली. आता किमान पंधरा हजार झाल्याशिवाय पैसे निघणार नाहीत. आणि गंमत म्हणजे गेम अचानक सोपा झाला. बोनस, डबल बोनस, लकी चक्र. पंधरवड्यात वरच्या कोपऱ्यात आकडा आला 18,640 रुपये. मी काढायला टाकले. केवायसी मागितली: आधार, पॅन, पासबुकच्या पहिल्या पानाचा फोटो. दिली. मग व्हॉट्सअ‍ॅपवर ‘सपोर्टवाल्या मॅडम’ आल्या. फार गोड बोलणं. “सर, आपका विथड्रॉल अप्रूव्ह हो गया है, सिर्फ फाइल चार्ज बाकी है.” 499 रुपये.

अठरा हजारांपुढं पाचशे म्हणजे काय! भरले.

दुसऱ्या दिवशी मॅडमनी एक कागद पाठवला. वर अशोकस्तंभ, खाली गोल शिक्का, मध्ये लिहिलेलं: ऑनलाइन गेमच्या जिंकलेल्या रकमेवर 30 टक्के टॅक्स, 5,592 रुपये, आधी भरा. आता यातलं निम्मं खरं आहे, आणि तिथंच माणूस फसतो. ऑनलाइन गेममधून निव्वळ जिंकलेल्या रकमेवर 30 टक्के आयकर आहेच, 1 एप्रिल 2023 पासून तो टीडीएस म्हणून, म्हणजे पैसे देतानाच, कापायचा नियमही आहे. पण तो पैसे देणाऱ्यानं कापून उरलेली रक्कम द्यायची असते. कापसाच्या पट्टीतून हमाली-तोलाई कापतात तसंच. आजवर कोणत्या अडत्यानं म्हटलं का, की हमाली आधी घरून आणून दे, मग तुझी पट्टी करतो? मी मॅडमला विचारलं की 18,640 मधूनच कापून घ्या ना. उत्तर आलं, “सर, सिस्टम में रकम लॉक है, उसमें से काट नहीं सकते.” लॉक काही नव्हतं, कारण रक्कमच नव्हती. तो आकडा म्हणजे मोबाइलच्या काचेवर उमटलेली अक्षरं. ते 5,592 मी फवारणीच्या औषधासाठी ठेवलेल्या पैशांतून भरले.

पुढं ‘नावात स्पेलिंग जुळत नाही’ म्हणून 3,500. त्यानंतर ‘खातं अनफ्रीझ’ करायला आणखी सात हजार मागितले, तिथं थांबलो. थांबलो म्हणजे काय, घरात पैसेच नव्हते. साडेनऊ हजारांच्या वर गेले होते.

पैसे नाहीत म्हटल्यावर मॅडमनी जे सुचवलं ते गावोगावच्या पोरांनी नीट वाचावं. “पैसे भरू नका, तुमचं एखादं जास्तीचं खातं आमच्या कंपनीला वापरायला द्या. पासबुक, एटीएम आणि त्या खात्याचं सिम पाठवा. महिन्याला कमिशन.” याला भाड्यानं खातं देणं म्हणतात. लोकांचे लुटलेले पैसे फिरवायला यांना रोज नवी खाती लागतात. पोलीस सगळ्यात आधी पोचतात ते खातं ज्याच्या नावावर आहे त्याच्या दारात, आणि तो पीडित धरला जात नाही, आरोपी धरला जातो. आमच्याकडं काही पोरांनी दोन-तीन हजारांसाठी अशी खाती दिलेली आहेत. नावं घेत नाही, पण त्यांनी हे वाचून आजच बँकेत जावं.

आता मूळ दुखणं. नोव्हेंबरात वेचा सुरू झाला. ‘कपास किसान’ अ‍ॅपवर नोंदणी केली होती, नंबर लागला, चौदा क्विंटल कापूस सीसीआयला, म्हणजे हमीभावानं कापूस घेणाऱ्या सरकारी महामंडळाला, दिला. 2025-26 च्या हंगामात लांब धाग्याचा हमीभाव क्विंटलला 8,110 रुपये होता. ओलाव्याची थोडी कपात होऊनही लाखाच्या वर रक्कम. सीसीआयचे पैसे आधार जोडलेल्या खात्यातच येतात. आले. मेसेजही आला. बाजाराच्या आदल्या दिवशी वेचणाऱ्या बायांचे पैसे काढायला शाखेत गेलो, तर कॅशिअरनं स्लिप परत सरकवली. “खात्याला होल्ड आहे.”

साहेबांनी संगणकात पाहून सांगितलं: दुसऱ्या एका राज्यातल्या सायबर पोलिसांच्या तक्रारीवरून खात्यातून पैसे काढणं बंद केलं आहे. पैसे येतील, जाणार नाहीत. तक्रार किती रकमेची? दोनशे रुपयांची.

म्हणजे झालं असं होतं. मला आलेले दोनशे रुपये गेमचे नव्हतेच. दुसऱ्या कुणा फसलेल्या माणसाचे पैसे यांनी एका भाड्याच्या खात्यात घेतले, तिथून पुढच्या खात्यांत फोडले, आणि त्यातले दोनशे माझ्याकडं ‘बक्षीस’ म्हणून वळवले. त्या माणसानं 1930 या सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनवर तक्रार केली. पोलिसांनी पैशाचा माग खात्यामागून खातं असा काढला आणि साखळीत जे जे खातं लागलं त्याला होल्ड मारला. त्यांच्या कागदावर मी चोराकडून पैसे घेणारा माणूस. दोनशे रुपयांसाठी माझा लाखाचा कापूस अडकला. बाजाराच्या दिवशी बाया ओट्यावर येऊन बसल्या. एक म्हातारी म्हणाली, “काऊन जी, सीसीआयचे पैसे तं आले म्हणे तुमचे?” तिला काय सांगू? चुलत भावाकडून उसने आणून मजुरी वाटली.

होल्ड लागल्यावर शाखेतल्या माणसांशी भांडून उपयोग नाही, त्यांच्या हातात तो काढणं नसतं. भांडायच्या ऐवजी त्यांच्याकडून तीन गोष्टी लेखी घ्या: तक्रारीचा क्रमांक, ती कोणत्या राज्यातल्या कोणत्या ठाण्याची आहे, आणि वादातली रक्कम किती. मग त्या ठाण्याला ईमेल करावा लागतो. मी यवतमाळला जिल्ह्याच्या सायबर पोलीस ठाण्यात गेलो, तिथल्या हवालदारांनी मजकूर कसा लिहायचा ते सांगितलं. खात्याचा उतारा, गेमचे स्क्रीनशॉट, मॅडमचे मेसेज, मी स्वतः भरलेल्या पैशांच्या पावत्या, सातबारा आणि सीसीआयची पट्टी असं सगळं जोडलं. विनंती एवढीच, की वादातली रक्कम अडकवून ठेवा, बाकी खातं मोकळं करा. उत्तराला वेळ लागला, मध्ये दोनदा आठवण द्यावी लागली, पण शेवटी खातं सुटलं. दोनशे रुपयांवर होल्ड अजून आहे, तो राहू द्या.

माझे स्वतःचे साडेनऊ हजार मात्र गेले ते गेलेच. 1930 ला मी उशिरा फोन केला. पैसे गेल्याच्या पहिल्या काही तासांत फोन लागला तर रक्कम पुढच्या खात्यात थांबवता येते. माझी रक्कम तोवर कुठल्या कुठे निघून गेली होती. ऑनलाइन तक्रार केली आहे, तपास सुरू असं दिसतं.

तक्रार केल्याच्या दुसऱ्या आठवड्यात एकाचा फोन आला. दिल्लीच्या सायबर विभागातून बोलतो, तुमची रक्कम सापडली आहे, सोडवायला 1,800 रुपये प्रोसेसिंग भरा. आवाज वेगळा, बाकी पद्धत तीच. एकदा लुटलेल्यांची यादी यांच्यात फिरत असावी, नाहीतर त्याला माझं नाव आणि गेलेली रक्कम कशी ठाऊक? पोलीस पैसे परत द्यायला फी मागत नाहीत. फोन ठेवला आणि तो नंबरही तक्रारीत जोडला.

राहिली गोष्ट अ‍ॅपची. ते प्ले स्टोअरवर नव्हतंच, व्हॉट्सअ‍ॅपवर एपीके फाइल, म्हणजे स्टोअरबाहेरून थेट अ‍ॅप टाकायची फाइल, आली होती. टाकताना मोबाइलनं धोक्याची सूचना दिली होती, ती बंद कशी करायची याचा व्हिडिओ त्यांनीच ग्रुपवर ठेवलेला. त्या अ‍ॅपनं मेसेज वाचायची परवानगी घेतली होती. कंचे फोडायला माझे एसएमएस कशाला लागतात? बँकेचा ओटीपी एसएमएसनंच येतो, म्हणून. तुमच्याकडं असं अ‍ॅप असेल तर आधी नेट बंद करा, आकड्याचे, ग्रुपचे आणि मेसेजचे स्क्रीनशॉट घ्या आणि मगच ते काढा. साडभावाच्या पोरानं रागाच्या भरात अ‍ॅप आणि चॅट दोन्ही उडवलं. आता तक्रारीला जोडायला त्याच्याकडं पासबुकातल्या नोंदींशिवाय काही नाही.