उदमुर्त: 'प्रांत' बरा की 'प्रजासत्ताक'?

व्होल्गा आणि उरलच्या मधल्या उदमुर्त लोकांना सोव्हिएत काळात दोन दर्जे मिळाले. 4 नोव्हेंबर 1920 ला स्वायत्त प्रांत आणि 28 डिसेंबर 1934 ला स्वायत्त प्रजासत्ताक. कागदावर दुसरा अर्थातच वरचढ. प्रजासत्ताकाला 1937 मध्ये स्वतःची राज्यघटना मिळाली. शिवाय 1936 च्या सोव्हिएत घटनेनुसार संसदेतल्या राष्ट्रीयत्वांच्या सभागृहात स्वायत्त प्रांताला 5 जागा, तर स्वायत्त प्रजासत्ताकाला 11.

पण मला विचाराल तर उदमुर्त भाषेचे चांगले दिवस प्रांताच्याच काळातले. 1920 च्या दशकात मॉस्कोचं धोरण स्थानिक भाषांना बळ देण्याचं होतं. शाळा, वर्तमानपत्रं, पुस्तकं, सगळीकडे उदमुर्त दिसू लागली. कवी कुझेबाय गेर्द याच काळात बहरला. मग वारं फिरलं. 1932 मध्ये 'राष्ट्रवादी कटा'च्या आरोपाखाली त्याला अटक झाली आणि 1937 च्या नोव्हेंबरात, म्हणजे प्रजासत्ताकाला घटना मिळाली त्याच वर्षी, गोळ्या घातल्या गेल्या. बढती आणि बडगा जवळपास एकदमच आले म्हणायचे.

राजधानीची गोष्ट मात्र दोन्हींत सारखीच. ग्लाझोव्हहून ती 1921 मध्येच इझेव्हस्कला हलली होती. 1807 पासून बंदुका बनवणारं हे कारखान्यांचं शहर, तिथे रशियनच जास्त. 1926 मध्ये प्रांतात निम्म्याहून थोडे अधिक असलेले उदमुर्त 1989 पर्यंत प्रजासत्ताकात एक तृतीयांशाहूनही कमी उरले.