पेट्रिऑन की ओन्लीफॅन्स? चिअरलीडरच्या जोडधंद्याचा हिशेब

एनएफएलच्या, म्हणजे अमेरिकन फुटबॉल लीगच्या, मैदानावर नाचून घरभाडं निघत नाही, हे ऑडिशन दिलेल्या मुलीला सांगायला नको. २०१४ मध्ये ओकलंड रेडर्स संघाची एक चिअरलीडर कोर्टात गेली, तेव्हा तिथे सामन्यामागे १२५ डॉलर मिळायचे, तेही हंगाम संपल्यावर. पुढच्या वर्षी कॅलिफोर्नियाने कायदा करून आम्हाला संघाच्या कर्मचारी ठरवलं. आता तासावर पैसे मिळतात, पण तास भरतात किती? म्हणजे जोडधंदा आलाच. मी आठ महिने ओन्लीफॅन्सवर काढले, आता दोन वर्षं पेट्रिऑनवर आहे. दोन्ही साइटवर चाहते वर्गणी भरून व्हिडिओ बघतात; ओन्लीफॅन्सचं नाव मात्र प्रौढांसाठीच्या व्हिडिओंमुळे झालंय. माझे दोन्हीकडे फक्त डान्सचे व्हिडिओ, सरावाच्याच कपड्यांत.

ओन्लीफॅन्स २० टक्के कापतं, पेट्रिऑन नव्याने येणाऱ्यांकडून १०. अंतर दिसतं तेवढं नाही. ओन्लीफॅन्सच्या २० मध्ये कार्डाचा खर्च आला. पेट्रिऑनवर तो वेगळा, शिवाय कुणी आयफोनच्या ॲपमध्ये ॲपलच्या पेमेंटने पैसे भरले तर ॲपलचे ३० टक्क्यांपर्यंत. म्हणून मी लिंकखाली 'ब्राउझरमधूनच या' असं लिहितेच. आणि खोटं कशाला बोलू, पहिले तीन महिने ओन्लीफॅन्सने मला जास्त दिले.

माझं बिनसलं ते इनबॉक्सवरून. तिथे मला वर्गणीपेक्षा मेसेजमधून जास्त मिळायचे. सरावाआधी बुटांच्या नाड्या बांधत असले की बाकावर फोन थरथरायचा : "आज दिवस कसा गेला?" उत्तर दिलं नाही तर महिनाअखेरीस गिऱ्हाईक गेलं. दिलं तर पुढचा प्रश्न काय असणार, ते ठरलेलं. किक-लाइनचा, म्हणजे रांगेत एकदम पाय उंच फेकण्याचा, व्हिडिओ बघून एकाने अगदी निरागसपणे विचारलं, "एवढंच?" त्याची तरी काय चूक, पाटी वाचूनच तो दुकानात शिरला होता. रात्री साडेबाराला मी अनोळखी माणसांना गुड नाइट म्हणत बसायचे आणि सकाळी सहाला नोकरीवर हजर.

पेट्रिऑनवर येतात त्या बहुतेक ऑडिशनची तयारी करणाऱ्या मुली, नाहीतर त्यांच्या आया. परवा एकीने अकरा सेकंदांची क्लिप पाठवली. किक मारताना खालच्या पायाचा गुडघा वाकतोय का? वाकत होता. त्याच प्रश्नावर एक व्हिडिओ केला, तो चाळीस जणींना पुरला.

संघाचा करार मात्र दोन्हीसाठी नीट वाचा. न्यू ऑर्लिन्स सेंट्स संघाने २०१८ मध्ये आपल्या बेली डेव्हिस या चिअरलीडरला इन्स्टाग्रामवरच्या एका फोटोवरून काढलं; तिथे तर वर्गणीही नव्हती.

गप्पांचा कंटाळा नसेल आणि 'नाही' म्हणणं जमत असेल, तर ओन्लीफॅन्स वाईटच असं मी म्हणणार नाही. माझी एक मैत्रीण तिथे मजेत आहे; रोज एक तास उत्तरं देते आणि फोन ड्रॉवरमध्ये टाकते. मला ते जमलं नाही.

नाशिकला आईला मी पहिल्यापासून 'ऑनलाइन क्लास घेते' एवढंच सांगत आलेय. गेली दोन वर्षं ते खरंही आहे.