‘ताई’मधून ‘त्’ काढला तर काय उरतं? आवाजांच्या खेळांचं अ‍ॅप, चार महिने वापरून

अ‍ॅपचं नाव देत नाही. या साच्याची अ‍ॅप बरीच आहेत आणि माझी तक्रार साच्याबद्दलच आहे. पाच ते आठ वर्षांच्या मुलांना वाचनासाठी आवाज ओळखायला शिकवतो, असा त्याचा दावा. वर्षाची वर्गणी, रोज पंधरा मिनिटं, मराठी निवडता येतं. आम्ही चार महिने जवळपास रोज वापरलं.

लेक सात वर्षांची. बोलायला भरभरून, ऐकलेली गोष्ट दुसऱ्या दिवशी शब्दन्‌शब्द सांगणार. मुळाक्षरं सगळी येतात. पण ‘घर’ समोर आलं की “घ... र...” म्हणते, थांबते, चित्राकडे बघते आणि “झोपडी” म्हणून मोकळी होते. डोळे तपासले, कान तपासले, दोन्ही उत्तम. अक्षरं उलटी दिसत असतील असं दोन-तीन जणांनी सांगितलं, पण तसं काही नव्हतं. शेवटी तिच्या बाईंनी नेमकी गोष्ट पकडली: “तिला अक्षर दिसतं, पण शब्दातले आवाज सुटे होत नाहीत. आवाजांवर काम करा.” म्हणून हे अ‍ॅप.

माझं काम ध्वनिसंकलनाचं. दिवसभर कानाला हेडफोन आणि समोर पडद्यावर आवाजाची लहर. त्यामुळे बाईंचं म्हणणं मला दुसऱ्या बाजूनं कळलं. ‘का’च्या ध्वनिमुद्रणातून नुसता ‘क्’ कापून काढायचा मी अनेकदा प्रयत्न केलाय. सुरी जरा पुढे नेली की ‘आ’चा तुकडा चिकटून येतो, मागे नेली की नुसती एक बारीक टिचकी उरते, तिला कुणीच ‘क्’ म्हणणार नाही. ‘की’मधला क् आणि ‘कू’मधला क् तर लहरीत एकसारखे दिसतसुद्धा नाहीत, कारण क् म्हणतानाच ओठ पुढच्या स्वराच्या तयारीला लागलेले असतात. म्हणजे ‘क्’ हवेत सुटा पडलेला नसतो. तो मनानं शोधून काढावा लागतो. मुलाला वाचायला शिकायचं म्हणजे हा न ऐकू येणारा सांधा सापडायला हवा. मला हे कळल्यावर लेकीवर चिडणं बंद झालं. हा फायदा अ‍ॅपच्या आधीचा, पण लिहायलाच हवा.

आता अ‍ॅप. पहिला खेळ टाळ्यांचा. शब्द ऐकायचा आणि त्यात जितके तुकडे तितक्या टाळ्या: क-पाट, दोन. हा सुंदर आहे. आवाज स्वच्छ ध्वनिमुद्रित केलेत, मागे संगीत नाही, चुकलं तर शब्द पुन्हा सावकाश म्हणतात. लेकीला हा पहिल्या दिवसापासून जमला आणि त्यात नवल नाही. इझाबेल लिबरमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1974 मध्ये लहान मुलांना काठीनं टेबलावर ठोके द्यायला लावले होते. चार वर्षांच्या मुलांपैकी जवळपास निम्म्यांना शब्दाचे असे मोठे तुकडे मोजता आले, पण एकेक सुटा आवाज एकालाही मोजता आला नाही. सहा वर्षांच्या, शाळेत वर्ष काढलेल्या मुलांपैकी 70 टक्क्यांना तोही जमला. मोठा तुकडा कानाला आयता मिळतो, बारीक आवाज मिळत नाही. अ‍ॅपनं या खेळावर तीन आठवडे घालवले. एक पुरला असता.

दुसरा खेळ सुरुवातीचा सारखा आवाज ओळखण्याचा, आणि इथे मला पहिल्यांदा राग आला. पडद्यावर तीन चित्रं: चार आकडा, चाक, मान. ‘एकाच आवाजानं सुरू होणारी जोडी निवडा.’ लेक म्हणाली, “जोडी नाहीच.” मी म्हटलं नीट ऐक. तिनं पुन्हा ऐकलं आणि पुन्हा म्हणाली, “चार वेगळं आहे, चाक वेगळं आहे.” अ‍ॅपनं लाल फुली दाखवली आणि तो उतरत्या सुरांचा आवाज वाजवला. मुलगी बरोबर होती! ‘चार’मधला च तालूला जीभ लावून येतो, ‘चाक’मधला दातांशी. मराठीत च, ज, झ ही अक्षरं दोन-दोन आवाजांचं काम करतात. जरा म्हणजे थोडं आणि जरा म्हणजे म्हातारपण, लिहायला एक, बोलायला दोन. ज्यानं ही यादी केली त्यानं डोळ्यांनी केली, कानांनी नाही. आवाज ऐकायला शिकवणाऱ्या अ‍ॅपनं बरोबर ऐकणाऱ्या मुलीला चूक ठरवावं, हे मी सहज सोडून देणार नाही. त्या संध्याकाळी मी तिला शेजारी बसवून पडद्यावर दोन्ही शब्दांच्या लहरी दाखवल्या आणि सांगितलं, तुझा कान बरोबर आहे. पुढचे दोन दिवस ती येईल त्याला ‘चार-चाक’ म्हणायला लावत होती.

तिसरा खेळ जोडण्याचा. सुटे आवाज ऐकायचे आणि शब्द सांगायचा. कल्पना चांगली, मुद्रण वाईट. बाईचा आवाज “पऽ... आऽ... ठऽ” म्हणतो. हे जोडलं की ‘पआठअ’ होतं, ‘पाठ’ होत नाही. आपल्या अक्षराच्या नावातच ‘अ’ असतो, त्यामुळे ही अडचण आपल्याला जास्त जाणवते. प्, त्, क् हे आवाज ताणताच येत नाहीत, ताणला तो फक्त ‘अ’. म्हणून सुरुवात स्, म्, न्, श्, ल् अशा ताणता येणाऱ्या आवाजांनी करावी: “स्स्स... आप” म्हटलं की साप आपोआप जोडला जातो. अ‍ॅप मात्र ‘क’पासून सुरू होतं, कारण व्यंजनांची ओळ ‘क’पासून सुरू होते. ‘घर’चा गुंताही यातलाच आहे. लिहिताना घ आणि र, दोन्ही पूर्ण. म्हणताना शेवटच्या र मधला ‘अ’ गळतो. मुलानं प्रत्येक अक्षर त्याच्या नावानं वाचलं तर ‘घरअ’ असा कुणी न ऐकलेला शब्द तयार होतो आणि मग ते चित्राकडेच बघणार. शेवटचा ‘अ’ सोडून द्यायचा, एवढी साधी गोष्ट अ‍ॅपमध्ये कुठेच नाही.

चौथा खेळ काढा-घाला. शीर्षकातला प्रश्न तिथलाच.

“ताईमधून त काढ. काय उरलं?”

लेक म्हणाली, “ई.”

लाल फुली. बरोबर उत्तर: आई.

ही फुली मला दोन दिवस सलत राहिली, कारण तिचं उत्तर विचारपूर्वक होतं. तिच्या वहीत ‘ता’ हे एकच अक्षर आहे, एका रेघेखाली. तिनं ते अख्खं उचललं आणि ‘ई’ उरली. आपली लिपी अक्षराच्या तुकड्यानं चालते. त्याच्या आतले त् आणि आ ती ओळीनं शेजारी मांडत नाही. सोनाली नाग यांनी 2007 मध्ये कन्नड वाचायला शिकणाऱ्या मुलांबद्दल हेच दाखवलंय: अक्षराच्या पातळीची जाण लवकर येते, सुट्या आवाजाची सावकाश. मराठीची अक्षरंही त्याच बांधणीची. अ‍ॅप इंग्रजीच्या साच्यातून आणलंय, तिथे एकेका आवाजाला एकेक अक्षर द्यायची धडपड असते. ते ‘ई’ला चूक म्हणतं. चूक नव्हती ती. ती एक पायरी होती आणि पुढच्या पायरीवर न्यायला तिथे कुणी नव्हतं.

मी हातानं केलं. पुठ्ठ्याचे चौकोन कापले. एकावर त्, पाय मोडलेला, एकावर आ, एकावर ई. जमिनीवर ओळीत ठेवले. “हे सगळं भराभर म्हण.” त्... आ... ई... ताई. “आता हा पाय मोडलेला उचल.” तिनं त् उचलला, मुठीत धरला आणि खाली बघत राहिली. ओठ हलले, आवाज नाही. मग एकदम, “आई!” मी अजून काही बोलणार तोच तिनं त् परत ठेवला आणि मधला आ उचलला. त् आणि ई जवळ सरकवले. बराच वेळ पुटपुटली. “ती,” ती म्हणाली. “आई, ती उरली.” हे मी तिला विचारलं नव्हतं, मलाही सुचलं नव्हतं.

त्या दिवसापासून पुठ्ठे रोज बाहेर येतात. बाई मधून ब्, पाठ मधून प्, काज मधून क्.

फरक कशानं पडला? चौकोनानं, म्हणजे आवाजाला हातात धरता येणाऱ्या खुणेनं. ही काही माझी हुशारी नाही. लिनेट ब्रॅडली आणि पीटर ब्रायंट यांनी 1983 मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात 65 मुलांना दोन वर्षांत 40 वेळा शिकवलं होतं. सगळ्यांत पुढे गेली ती मुलं आवाजांच्या खेळाबरोबर प्लॅस्टिकची अक्षरं हाताळणारी. नुसते आवाज ऐकणारी मागे राहिली. आणि गोष्ट उलटीही खरी आहे: होझे मोराइश आणि सहकाऱ्यांनी 1979 मध्ये पोर्तुगालमध्ये कधीच वाचायला न शिकलेल्या मोठ्या माणसांना शब्दातला पहिला आवाज काढायला सांगितला. बहुतेकांना तो जमला नाही, आणि मोठेपणी वाचायला शिकलेल्यांना जमला. त्यांचे कान बिघडलेले नव्हते. म्हणजे आवाज फोडता आले की वाचन सोपं होतं आणि वाचता आलं की आवाज फुटायला लागतात. दोघं एकमेकांना ओढतात. मग आधी फक्त कान, शेवटी अक्षरं, हा क्रम कशासाठी? या अ‍ॅपमध्ये अक्षरं येतात सहाव्या भागात, आणि पाचवा भाग पूर्ण केल्याशिवाय तो उघडत नाही.

पाचव्या भागाबद्दल सावध करते. ‘संथ ऐका’: बोलणं ताणून, व्यंजनं उठावदार करून ऐकवतात. 1996 मध्ये पॉला टॅलल, मायकेल मर्झेनिक आणि सहकाऱ्यांनी असे बदललेले आवाज भाषेत मागे पडणाऱ्या मुलांना ऐकवले, तेव्हा मोठ्या आशा होत्या. 2011 मध्ये उपलब्ध चाचण्या एकत्र तपासल्या गेल्या, त्यात त्या पद्धतीच्या कार्यक्रमाचा वाचनावर फायदा दिसला नाही. माझ्या कामाच्या नजरेनं सांगते, ताणलेला आवाज इथे धातूसारखा वाजतो आणि प्-ब् मधला फरक उलट पुसट होतो. लेक दर वेळी हेडफोन काढून ठेवायची. आम्ही तो भाग नुसता पुढे-पुढे दाबत संपवला, सहावा उघडावा म्हणून.

सहावा भाग मात्र चांगला आहे, मनापासून सांगते. मात्रा व्यंजनावर चढताना दिसते आणि त्याच क्षणी आवाज ऐकू येतो. वेलांटीचं तर त्यांनी फार छान केलंय: ‘कि’मध्ये वेलांटी आधी दिसते पण आवाज नंतर येतो, हे मुलांना फसवतं. इथे क् आधी उजळतो, मग वेलांटी. रफाराचंही तसंच, ‘वर्ग’मधला र् डोक्यावर बसलेला असला तरी ग च्या आधी चमकतो. हे ज्यानं केलं त्याला मराठी मुलं कळतात. दुसऱ्या भागातली यादी त्याच्याकडून करून घ्यायला हवी होती.

प्रगतीचा आलेख मात्र विश्वास ठेवण्यासारखा नाही. पहिले दोन महिने तो चढत होता आणि वाचन होतं तिथेच होतं; मुलं खेळात तरबेज होतात, आलेख तेवढंच मोजतो. खरा फरक पुठ्ठे आणि सहावा भाग एकत्र आल्यावर, तिसऱ्या महिन्यात दिसला. आता ‘घर’ घरच वाचते, न पाहिलेले तीन अक्षरी शब्द फोडून जोडते, जोडाक्षराशी थांबते. वेग कमी आहे. रंगांची नावं भराभर सांगतानाही ती अडखळते आणि बाई म्हणतात तो वेगळा धागा आहे, आवाज फोडण्याच्या सरावानं तो सुटेलच असं नाही. अ‍ॅपकडे त्यासाठी काही नाही आणि तसा दावाही नाही, हे प्रामाणिक आहे.

घ्यायचं असेल तर महिन्याची वर्गणी घ्या, वर्षाची नको. टाळ्यांचा भाग आठवड्यात संपवा, तिसऱ्यात शेजारी बसून आवाज स्वतः म्हणा, पाचवा दाबत पुढे जा, सहाव्यावर मुक्काम करा. आणि मूल लाल फुलीवर अडलं तर आधी त्याला विचारा, तुला काय ऐकू आलं? मी कंपनीला ‘चार-चाक’ची यादी, ‘ई’ या उत्तराबद्दल आणि सहावा भाग आधी उघडण्याबद्दल सविस्तर लिहिलंय, सोबत लहरींची चित्रंही जोडलीत. यादी दुरुस्त झाली की हे परीक्षण बदलेन.