मिस्कॅन्थस, फेदर रीड की फाउंटन ग्रास? लावायच्या आधी वाचा

फोटोत ही तिन्ही शोभेची गवतं सारखीच दिसतात, खाली हिरवा ठोंब आणि वर तुरे. म्हणून नर्सरीत जे समोर दिसलं ते मी उचललं, आणि ते निघालं मिस्कॅन्थस.

आता दिसायला ते सगळ्यात भारी, वादच नाही. पाच ते सात फूट वाढतं, उन्हाळा सरता सरता तुरे येतात आणि मागून ऊन आलं की नुसतं बघत बसावं. पण तीन-चार वर्षांत ठोंबाला टक्कल पडतं, म्हणजे कडेने हिरवं कडं आणि मधोमध सगळं वाळलेलं, मग अख्खा ठोंब उकरून फोडायचा आणि बाहेरचे जिवंत तुकडे परत लावायचे. खुरप्याने होईल असं वाटत असेल तर विसरा, माझ्या फावड्याचा दांडा त्यात गेला, शेवटी पहार आणली. पात्यांना धार असते, पूर्ण बाह्यांचा शर्ट आणि हातमोजे हवेतच. बी पण उडतं, काही देशांत तर ते बागेबाहेर पसरून डोकेदुखी झालंय, तेव्हा आपल्या भागात चालतं का ते आधी बघा.

फेदर रीडमधलं 'कार्ल फोर्स्टर' हे वाण मात्र शहाणं बाळ. सरळ उभं, तुऱ्यांसकट पाचेक फूट, रुंदी जेमतेम दोन फूट, त्यामुळे चिंचोळ्या पट्टीत छान बसतं, आणि बी वांझ असल्याने जिथे लावलं तिथेच राहतं. थंडी ओसरायच्या आतच कोंब फुटतात आणि तुरेही मिस्कॅन्थसच्या बरेच आधी येतात. सतत उष्ण दमट हवेत मात्र वैतागतं, पानांवर तांबेरा येतो.

फाउंटन ग्रास बुटकं, दोन-तीन फूट, चारी बाजूंनी झुकणारं, कुंडीत किंवा पायवाटेच्या कडेला मस्त. फक्त जांभळं दिसलं म्हणून लगेच भुलू नका, ते कडक थंडीत मरतं, तिथे ते एका सीझनचंच समजायचं. 'हॅमेल्न' सारखं हिरवं वाण थंडी काढतं.

देखभाल तिघांची जवळपास तीच, सहा तास ऊन आणि खत कमीच, नायट्रोजन जास्त झालं की ठोंब मधून फाटून लोळतो. वर्षातून एकदा, थंडी संपताना, जमिनीपासून चार-सहा इंच ठेवून कापायचं. कार्लचं आधी उरका, उशीर झाला तर नव्या कोंबांची टोकंही कापली जातात.

जागा कमी असेल तर मी डोळे झाकून कार्ल घेईन, कुंडीसाठी हॅमेल्न. मिस्कॅन्थस फक्त मोकळी जागा आणि धडधाकट कंबर असेल तरच, आणि कापायच्या आधी ठोंब सुतळीने घट्ट बांधा, नाहीतर ती वाळकी पाती पुढचे दोन महिने अंगणभर गोळा करत फिराल.