गच्चीवरचा ताई ची वर्ग: तलवारीच्या टोकाआधी टाच

आमच्या वर्गाच्या गच्चीवर पाण्याच्या टाकीचा रंग एका जागी उडालाय, साधारण रुपयाच्या नाण्याएवढा. सरांनी पहिल्यांदा लाकडी तलवार हातात दिली तेव्हा एवढंच म्हणाले, "मास्तर, टोक त्या डागावर धरा आणि तीन श्वास तसेच उभे राहा." पहिल्या श्वासाला टोक डागावर होतं. दुसऱ्याला ते गोल फिरायला लागलं आणि तिसऱ्याला शेजारच्या पाइपाकडे निघालं. मी मनगट आवळलं, मूठ आवळली, तसं ते जास्तच थरथरलं. सर माझ्या मागे गेले, खाली बसले आणि दोन बोटांनी माझी मागची टाच दाबली. ती जमिनीपासून अर्धा बोट सुटली होती आणि मला पत्ताच नव्हता. टाच टेकली, कंबर जराशी खाली बसली आणि टोक जागच्या जागी थांबलं. मनगटाला सरांनी हातही लावला नव्हता.

परळमधल्या एका जुन्या चार मजली इमारतीच्या गच्चीवर हा ताई चीचा, म्हणजे संथ हालचालींच्या चिनी युद्धकलेचा, वर्ग भरतो. मी पावणेदोन वर्षं जातोय. ताई ची शिकायचं म्हणून विचारणारे बरेच भेटतात, डेपोतसुद्धा, म्हणून एकदा सविस्तर लिहितो.

मी बेस्टच्या बसवर कंडक्टर आहे, 27 वर्षं झाली, म्हणून सगळे मला मास्तर म्हणतात. हलत्या गाडीत उभं राहणं हा माझा पोटापाण्याचा धंदा. उभं राहायला मला कोणी शिकवावं असं मला कधीच वाटलं नव्हतं. पहिल्या दिवशी सरांनी मला नुसतं उभं केलं, दोन्ही पाय खांद्याएवढ्या अंतरावर, आणि एक चक्कर मारून विचारलं, "उजवा खांदा कशाने ओढलाय?" चामड्याच्या बॅगेने आणि तिकिटाच्या मशीनने. गुडघे मागे ताठ लॉक झालेले आणि कमरेचा भार सीटच्या कडेला टेकायची सवय. टेकायला सीट नसेल तर मी डाव्या पायावर लटकतो. हे सगळं त्यांनी पाच मिनिटांत सांगितलं. 27 वर्षं मी उभा नव्हतो, टेकलेलो होतो.

याआधी मी दुसऱ्या एका ठिकाणी शिकायला गेलो होतो. एसी हॉल, चारी बाजूंनी आरसे, मागे बासरी. 24 आकृत्यांचा, म्हणजे ठरलेल्या हालचालींचा, सगळा क्रम सहा आठवड्यांत पुरा करून घेतला आणि शेवटी प्रमाणपत्र दिलं. सातव्या आठवड्यात माझा डावा गुडघा आतल्या बाजूने सुजला. कारण आता कळतं. भार अंगावर असतानाच मी पाऊल वळवत होतो, त्यामुळे पाऊल एकीकडे आणि मांडी दुसरीकडे, मधल्या मध्ये गुडघा पिळला जायचा. तिथे कोणी खाली बघतच नव्हतं, सगळे हात बघत होते. इथे सरांनी पहिले तीन महिने मला हातच हलवू दिले नाहीत. आधी एका पायावरचा भार पूर्ण काढायचा, मग तो पाय वळवायचा. गुडघा पायाच्या बोटांच्या दिशेनेच वाकला पाहिजे, आत पडता कामा नये. वळण घ्यायचं ते जांघेतल्या घडीतून, जिला चिनी भाषेत कुआ म्हणतात. गुडघ्याने फक्त भार पुढे द्यायचा. चौथ्या महिन्यापासून गुडघ्यावर पट्टा बांधणं सोडलं, ते आजतागायत.

सर मर्चंट नेव्हीत इंजिनीअर होते. सिंगापूरला एका वृद्ध शिक्षकांकडे ताई चीची यांग घराण्याची पद्धत शिकले आणि निवृत्तीनंतर इथे शिकवायला लागले. वर्ग संपल्यावर खाली कोपऱ्यावर कटिंग घेताना ते इतिहास सांगतात, आणि दंतकथा कुठली नि माहिती कुठली हे वेगळं करून सांगतात. डोंगरातल्या साधूने साप आणि पक्ष्याची झुंज पाहून ही विद्या काढली, ही गोष्ट ते गोष्ट म्हणूनच सांगतात. माहिती म्हणून सांगतात ती हेनान प्रांतातल्या चेनजियागोउ गावची. 17व्या शतकात चेन कुटुंबात ही पद्धत आकाराला आली. पुढे यांग लुचान (1799-1872) हे बाहेरचे असूनही त्या घराण्यात शिकले आणि ती विद्या बीजिंगला घेऊन गेले. त्यांचे नातू यांग चेंगफू यांनी तिला आज दिसणारं संथ, मोठ्या हालचालींचं रूप दिलं. आपण बागेत बघतो तो 24 आकृत्यांचा क्रम मात्र जुना नाही. तो 1956 साली चीनच्या क्रीडा आयोगाने सर्वसामान्यांसाठी बसवला. 32 आकृत्यांचा तलवारीचा क्रम त्याच्या पुढच्या वर्षीचा. ताई ची, बागुआ आणि शिंगयी या चिनी युद्धकलेच्या तीन पद्धतींना मिळून आंतरिक म्हणतात. आंतरिक म्हणजे काही गूढ नव्हे, असं सर बजावतात. स्नायूंच्या झटक्याने जोर काढायचा नाही, जमिनीतून पाय, कंबर, पाठ असा तो वर येऊ द्यायचा, एवढाच त्याचा अर्थ. मला हे टाच दाबली त्या दिवशी कळलं.

त्यांचं एक वाक्य माझ्या कानात बसलंय: "सैल सोडा, पण ढिले पडू नका." चिनीत यासाठी सोंग असा शब्द आहे. सैल सोडायचं म्हटलं की मी खांद्यासकट पाठही पाडायचो. मग सर मनगटाखाली आपला तळवा ठेवून हाताचं वजन बघतात. हात सैल असेल तर तो जड लागतो आणि तळवा काढला की तिथेच राहतो. ढिला असेल तर धपकन पडतो. हे शिकायला मला पाच महिने लागले आणि अजूनही उजवा खांदा दगा देतो.

तलवार अकराव्या महिन्यात मिळाली. त्याआधी मी दोनदा मागितली होती, दोन्ही वेळा नकार. तेव्हा राग आला होता, खोटं कशाला बोलू. आज तोच नकार मला या वर्गाची सगळ्यात मोठी गुणवत्ता वाटते. फी घेणारा माणूस गिऱ्हाइकाला हवं ते लगेच देत नाही, हे मुंबईत किती ठिकाणी दिसतं?

माझं गाव कोल्हापूरकडचं. चुलते मर्दानी खेळात दांडपट्टा फिरवायचे, त्यामुळे शस्त्र म्हटलं की माझ्या डोळ्यांपुढे पट्टा येतो. पट्ट्यात हात कोपरापर्यंत लोखंडी खोबणीत जातो. मनगट बंद, म्हणून पातं खांद्यातून आणि कमरेतून फिरतं. चिनी तलवारींत दोन जाती आहेत. दाओ एकधारी आणि वाकडी, जियान सरळ आणि दुधारी. ताई चीत मुख्यतः जियान शिकवतात. तिची मूठ पक्ष्याचं पिल्लू धरल्यासारखी धरायची आणि मनगट मोकळं ठेवायचं. पण मोकळ्या मनगटाने जोर लावायला गेलात की टोक भरकटतं. म्हणजे पट्ट्यात लोखंड जे काम सक्तीने करून घेतं, ते इथे स्वतःहून करावं लागतं. चुलत्यांना फोनवर हे सांगितलं तेव्हा त्यांनी एकच प्रश्न विचारला, "पवित्रा कुठल्या पायावर?" त्यांना लगेच कळलं होतं.

डावा हात रिकामा असतो, पण मोकळा नसतो. तर्जनी आणि मधलं बोट सरळ, उरलेली दोन बोटं दुमडून त्यांवर अंगठा. याला तलवारीची बोटं म्हणतात. ती मनगटाजवळ येतात, दूर जातात, तलवारीचा तोल राखतात. ती मरगळली की सर फक्त "डावा!" म्हणतात.

तलवारीच्या 32 आकृत्यांची नावं सर आधी चिनीत आणि मग मराठीत सांगतात, आणि मराठी नावं त्यांनी फार मनापासून केली आहेत. तिसरी आकृती पाकोळी पाण्यावरून जाते. एक पाय पसरून खाली बसायचं आणि तलवार आडवी काढत वर यायचं. अकरावी वारा कमळाचं पान गुंडाळतो, तेरावी वाघ डोकं कवटाळतो. पुढे प्रवाहासोबत नाव ढकलायची आहे, आणि शेवटाकडे गांधीलमाशी बिळात शिरते. नाव माहीत असलं की हालचाल लक्षात राहते आणि तिचा वेगही कळतो. नाव ढकलताना कोणी झटका देत नाही.

तलवार घ्यायची असेल तर घाई करू नका. मी वर्गात येण्याआधीच 1,150 रुपयांची चकचकीत तलवार ऑनलाइन मागवली होती, लाल गोंड्याची. तिचं पातं पत्र्यासारखं लवचिक, हलवलं की खडखड वाजतं. प्रात्यक्षिकात आवाज चांगला येतो, पण टोक स्वतःच थरथरत असेल तर आपण थरथरतोय की पातं, हे कळणार कसं? सरांनी ती बाजूला ठेवायला सांगितली. मापाची रीत सोपी आहे. डावा हात खाली सोडून तलवार उलटी धरायची, पातं दंडाला लागून वर जातं, टोक कानाच्या पाळीच्या वर आलं पाहिजे. सुरुवातीला लाकडी उत्तम. वर्गात द्यायला आठ-दहा लाकडी तलवारी आहेत, त्यांचे वेगळे पैसे नाहीत. ज्यांची स्वतःची धातूची आहे त्यांनी ती बिनधारीच ठेवायची आणि लोकलमधून किंवा बसमधून उघडी आणायची नाही, हा वर्गाचा नियम आहे. कंडक्टर म्हणून मला तो शंभर टक्के पटतो. माझी मी क्रिकेटच्या बॅटच्या कव्हरमध्ये आणतो.

आता ज्या गोष्टी खटकतात त्या. चार मजले आणि लिफ्ट नाही. गुडघ्यासाठी येणाऱ्या माणसाला आधी हे जिने चढावे लागतात, याचा विचार व्हायला हवा होता. पावसाळ्यात वर्ग तळमजल्याच्या खोलीत येतो. तिथे छत इतकं खाली आहे की तलवार डोक्यावर नेताच येत नाही. जून ते सप्टेंबर तलवारवाल्यांना फक्त पावलं आणि रिकाम्या हाताने सराव करावा लागतो, फी मात्र तीच. मी हे सरांना सांगितलंय. रविवारी वीस-बावीस जण होतात आणि मग प्रत्येकाची टाच बघणं त्यांनाही शक्य नसतं. शक्य असेल तर मंगळवार-गुरुवारची तुकडी घ्या, तिथे सात-आठ जणच असतात. दोघांनी मनगटाला मनगट लावून एकमेकांचा जोर ऐकायचा सराव, ज्याला तुई शौ म्हणतात, तो महिन्यातून एकदाच होतो. तो दर आठवड्याला हवा. एकट्याने कितीही सुबक केलं तरी समोरच्याने हलकेच ढकललं की आपण कुठे आवळलोय ते तिथेच उघडं पडतं.

फी महिन्याला 1,800 रुपये, आठवड्याचे दोन दिवस. तीन महिन्यांची आगाऊ घेत नाहीत, पाळी बदलली की दुसऱ्या तुकडीत बसवून घेतात. ड्युटीवाल्या माणसासाठी ही मोठी सोय आहे. व्हिडिओ काढू देत नाहीत. सुरुवातीला मला ते जाचक वाटलं, पण व्हिडिओ बघून मी पुन्हा हातच बघितले असते.

स्वसंरक्षण शिकायचंय, तेही तीन महिन्यांत, असं मनात असेल तर इथे येऊ नका. वजन उतरवायला येत असाल तरी निराश व्हाल. तोल जातो, पाय अडखळतो, अशा वयाच्या माणसांनी मात्र जरूर यावं. आमच्यात एक काकू आहेत, त्यांना पार्किन्सन्स आहे. 2012 साली न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिनमध्ये 195 पार्किन्सन्सच्या रुग्णांवरचा अभ्यास छापून आला होता. 24 आठवडे, आठवड्यातून दोनदा ताई ची करणाऱ्यांचा तोल सुधारला होता. काकूंच्या मुलीने तो वाचून त्यांना आणलं. काकू खुर्चीची पाठ धरून भार बदलतात. मार्चपासून एका हाताने धरतात.

माझ्यापुरतं सांगायचं तर गाडीत फरक पडला. लालबागच्या पुलावरून उतरताना ड्रायव्हरने ब्रेक मारला की पूर्वी माझा हात आपोआप दांड्याकडे जायचा. आता भार आधी मागच्या पायात जातो, जांघेत घडी पडते आणि हातातलं तिकीट प्रवाशाकडेच पोचतं. गर्दीच्या वेळी तिकीट फाडताना हे झालं, तेव्हा समोरच्या आजी म्हणाल्या, "मास्तर, पडाल की." मी पडलो नव्हतो.

चौदावी आकृती रानघोडा ओढा ओलांडतो. तिच्यात उडी आहे. माझा डावा पाय उडी झेलताना अजून आत पडतो, म्हणून सरांनी ती दिवाळीपर्यंत थांबवली आहे. तोवर तेराच करतोय, टाकीवरच्या त्या डागासमोर. गच्चीचं दार सव्वासहाला उघडतं, साडेसहाला सुरुवात होते, आणि आठनंतर फरशी इतकी तापते की अनवाणी उभं राहवत नाही.